शहरांतील सख्य

पायल कपाडिया यांच्या 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट' या चित्रपटास २०२४ सालीं कान येथील महोत्सवांत ग्रां प्री हें पारितोषिक मिळालें. त्याची स्तुति पुष्कळ झाली. तथापि त्यांतील मुख्य प्रश्नाकडे वाचकांचें लक्ष वेधणें आम्हांस अगत्याचें वाटतें. घर सोडून महानगरांत आलेल्या स्त्रीनें आपलें माणूस कोणास म्हणावें, हा तो प्रश्न होय.

मुंबईच्या एका रुग्णालयांतील केरळीय परिचारिका प्रभा व अनु एकाच बिऱ्हाडांत राहतात. प्रभेचा नवरा लग्नानंतर लौकरच जर्मनीस गेला; त्याची खुशालीही कळेनाशी झाली आहे. एके दिवशीं तेथून येतो तो भात शिजविण्याचा विजेचा कुकर! अनूचें प्रेम एका मुसलमान तरुणावर आहे. पण या अफाट शहरांत त्या दोघांस निवांत भेटावयास जागा नाहीं. रुग्णालयांत स्वयंपाक करणारी पार्वती ही विधवा. वर्षानुवर्षें राहत्या खोलीचा कागद हातीं नसल्यानें तिच्यावर बेघर होण्याची पाळी येते.

विभावरी शिरूरकर यांनीं 'कळ्यांचे निःश्वास' या १९३३ च्या संग्रहांत सुशिक्षित अविवाहित मुलींची व्यथा मांडली, तेव्हां आपला समाज खवळला होता. लग्न झालें कीं एकटेपणा सरतो, ही त्या काळची सर्वमान्य समजूत. प्रभेकडे पाहतां ती टिकत नाहीं.

उत्तरार्धांत दिग्दर्शिका तिघींस रत्नागिरीकडील समुद्रकांठीं नेते आणि तेथें मनाच्या गांठी सुटतात. हा भाग रमणीय खरा. परंतु शहरानें घातलेलें कोडें शहराबाहेर सोडविणें, ही आमच्या मतें या कृतींतील उणीव होय. मात्र सख्याचा पाया मुंबईंतच घातला गेला आहे, हें विसरून चालणार नाहीं. अनूच्या वांट्याचें भाडें प्रभाच सोसते. पार्वतीबरोबर वकिलाकडे तीच जाते. तरीही ती अनूस प्रथम टाकूनच बोलते. शेवटीं तिच्या प्रियकरास आपल्यांत बोलावून घ्यावयास तीच सांगते, तेव्हां खरें सख्य जुळतें. मदत करणें सोपें. न्यायाधीशाची खुर्ची सोडणें कठीण.

परगांवीं नोकरीस असलेल्या आपल्या मुलींची चौकशी आपण रोज करितों. त्या चौकशींत विचारपूस किती व उलटतपासणी किती, हें प्रत्येक घरानें आपलें आपण ताडून पाहावें.