शरदातला रस्ता आणि आपला पडदा

नळदुर्गला राहणाऱ्या माणसाला रस्ता बघायला कुठे जावं लागत नाही. पुण्याहून सोलापूर, हैदराबाद करत मछलीपट्टणमला जाणारा राष्ट्रीय महामार्ग आमच्या गावाला खेटून जातो. त्याचा क्रमांक पूर्वी ९ होता, आता ६५ आहे. गावात मात्र त्याला अजून ‘हायवे’ एवढंच नाव आहे. पाऊसकाळ बरा झाला की बोरी नदी किल्ल्यातल्या पाणीमहालावरून नर-मादी धबधब्यांनी कोसळते. इब्राहिम आदिलशहा दुसरा याच्या काळातलं ते बांधकाम बघायला गाड्या थांबतात, फोटो निघतात, भजी संपतात आणि गाड्या निघून जातात. आम्ही राहतो. राहणाऱ्याला जाणाऱ्यांकडे बघत बसण्याची सवय लागते, आणि सिनेमावर लिहिणाऱ्याला ती सवय उपयोगी पडते.

प्रवासपटांबद्दल, म्हणजे ज्याला आपण सर्रास ‘रोड मूव्ही’ म्हणतो त्याबद्दल, काही लिहावं असं मला एका आश्विनातल्या रात्री वाटलं. त्या रात्री मी डेव्हिड लिंचचा १९९९ चा ‘द स्ट्रेट स्टोरी’ दुसऱ्यांदा बघत होतो. आल्विन स्ट्रेट नावाच्या ७३ वर्षांच्या म्हाताऱ्याची ही खरी घडलेली गोष्ट. नजर अधू, चालताना दोन्ही हातांत काठ्या, मोटार चालवण्याचा परवाना नाही. भावाशी दहा वर्षं बोलणं नाही आणि त्या भावाला झटका आल्याची बातमी येते. म्हातारा गवत कापायच्या यंत्रावर बसतो, मागे छोटी ट्रॉली जोडतो आणि आयोवातल्या लॉरेन्स गावाहून विस्कॉन्सिनमधल्या माउंट झायनपर्यंत, जवळपास ३८५ किलोमीटर, जातो. त्याला सहा आठवडे लागतात.

आता एक तपशील बघा. खरा आल्विन १९९४ च्या जुलै-ऑगस्टमध्ये गेला होता, म्हणजे भर उन्हाळ्यात. लिंचने चित्रीकरण केलं ते १९९८ च्या शरदात, त्याच रस्त्याने आणि बहुतेक घटनांच्या क्रमानेच. घटना खरी ठेवून ऋतू तेवढा बदलला. त्यामुळे पडद्यावर काय येतं? शेतांत कापणीची यंत्रं फिरताहेत, झाडं रंग बदलताहेत, संध्याकाळी लवकर अंधारतंय. म्हाताऱ्याने ‘आता वेळ थोडा राहिला’ असं तोंडाने म्हणण्याची गरजच उरत नाही. रिचर्ड फार्न्सवर्थ हा नट त्या वेळी स्वतः कर्करोगाने आजारी होता, हे कळल्यावर तो ऋतू आणखीच अंगावर येतो. पण ते नंतर कळलेलं. चित्रपट बघताना झाडंच पुरतात.

पाश्चात्त्य प्रवासपटात शरद हा असा उशिराचा ऋतू असतो. अलेक्झांडर पेनच्या ‘नेब्रास्का’त (२०१३) तर रंगही काढून घेतले आहेत. कृष्णधवल पडदा, कापून झालेली उघडी रानं, आणि लॉटरी लागल्याच्या भ्रमात माँटानाहून निघालेला बाप व त्याला गाडीतून घेऊन जाणारा मुलगा. पिवळं पान एकही नाही, तरी ऋतू ओळखू येतो. रान रिकामं झालंय, घेण्यासारखं काही राहिलं नाही आणि तरीही एकदा जाऊन यायचंय, अशी ती अवस्था आहे.

हे सगळं आवडूनही माझी अडचण वेगळीच होते. आपला शरद असा नाहीच. पानगळ आपल्याकडे शिशिरात. पळस, साग उघडे होतात ते माघ-फाल्गुनात. आपला आश्विन-कार्तिक म्हणजे स्वच्छ आभाळ, ओसरलेल्या नद्या, कोरडे होत चाललेले रस्ते. आणि मुख्य म्हणजे निघण्याची वेळ. कालिदासाने ‘रघुवंशा’च्या चौथ्या सर्गात रघूला दिग्विजयासाठी बाहेर काढलं ते शरदानेच, नद्या उताराजोग्या करून आणि वाटांचा चिखल वाळवून. दसऱ्याचं सीमोल्लंघन तरी दुसरं काय आहे? पावसाळाभर अडकून पडलेल्यांनी शीव ओलांडायची. तिथला शरद माणसाला घराकडे ओढतो आणि इथला घराबाहेर काढतो. मग आपल्या प्रवासपटांत हा ऋतू का दिसत नाही, हा प्रश्न मला त्या रात्री पडला, आणि तो अजून सुटलेला नाही.

मराठीत प्रवासपट फार नाहीत. जे चटकन आठवतात त्यांत सचिन कुंडलकरांचा ‘हॅप्पी जर्नी’ (२०१४) आहे. परदेशातून परतलेला भाऊ, हे जग सोडून गेलेली बहीण आणि एक गाडी. गाडी हेच तिथं घर आहे, आणि जे बोलायचं राहून गेलं ते या फिरत्या घरात बोललं जातं. प्रिया बापटच्या जानकीत एक खट्याळ मोकळेपणा आहे, तो लक्षात राहतो. रस्ता मात्र फारसा लक्षात राहत नाही. तो सुंदर आहे, पण त्याच्यावर कुणाचं काही काम चाललेलं नाही.

मंगेश जोशींचा ‘कारखानिसांची वारी’ (२०२०) जास्त मुरलेला. पुण्यातलं एकत्र कुटुंब, थोरल्याच्या अस्थी, मृत्युपत्रातली इच्छा आणि पंढरपूरच्या दिशेने निघालेली गाडी. मोहन आगाशे, गीतांजली कुलकर्णी यांच्यासारखे कलाकार एका गाडीत कोंबल्यावर जे व्हायचं ते होतं; प्रत्येकाचं पोटातलं ओठांवर येतं. नावातली वारी हा टोमणा आहे. वारकरी घर मागे टाकून निघतो, कारखानीस अख्खं घर गाडीत भरून निघतात. हा विनोद मला फार आवडतो. पण एक जागा खटकते, आणि ती ‘स्ट्रेट स्टोरी’शेजारी ठेवल्यावर नीट दिसते. दोन्ही चित्रपटांत रस्त्यावर एक गरोदर तरुण मुलगी आहे. आल्विनला घरातून पळून आलेली मुलगी भेटते; तो शेकोटीपाशी तिच्याशी बोलतो आणि सकाळी ती गेलेली असते. जोशींच्या चित्रपटात माधुरी ओमच्या मागे येत राहते आणि कुटुंबाची गाडी पुढे पळत राहते. विनोदाला वेग लागतो, हे मान्य. पण आल्विनचं यंत्र इतकं हळू चालतं की भेटणाऱ्याला टाळताच येत नाही. प्रवासपटाची नीती वाहनाच्या वेगावर ठरते की काय, असं मला तेव्हापासून वाटतं.

आमच्या भागाला जवळचा चित्रपट म्हणजे संदेश कुलकर्णींचा ‘मसाला’ (२०१२), गिरीश कुलकर्णींच्या लेखणीतून उतरलेला. रेवण आणि सारिका हे जोडपं धंदा बुडाला, देणेकरी दारात आले की गाव सोडतं आणि दुसऱ्या गावी नवा धंदा मांडतं. असं करत सोलापूरला पोहोचतं. याला कुणी प्रवासपट म्हणत नाही, कारण यात कुणी फिरायला निघालेलं नाही. मला मात्र तो मराठीतला सगळ्यांत खरा प्रवासपट वाटतो. आपल्याकडे माणूस बहुधा देण्यापायीच गाव सोडतो. अमृता सुभाषची सारिका दर खेपेला नव्या खोलीत ज्या सवयीने संसार मांडते, त्यात किती मैल गेले ते कळतं.

शरद मनात ठसणारा मराठी चित्रपट शोधायचा तर मी परेश मोकाशींच्या ‘एलिझाबेथ एकादशी’कडे (२०१४) जातो. त्यात प्रवास नाही. उलट सगळ्यांचे प्रवास जिथं येऊन थांबतात ते पंढरपूर आहे, आणि तिथि कार्तिकी. ज्ञानेश आणि मुक्ता ही भावंडं, वडिलांनी बनवलेली ‘एलिझाबेथ’ ही सायकल, कर्जापायी हातचं गेलेलं आईचं विणकामाचं यंत्र. यात्रेला येणाऱ्याला जो भक्तीचा रस्ता असतो, तो गावातल्या पोरांना चार पैशांचा हंगाम असतो. यात्रेच्या गावात राहणाऱ्याला हे कुणी सांगायला लागत नाही. कोजागिरीच्या आसपास कर्नाटकातून तुळजापूरला पायी निघालेली माणसं आमच्या गावावरून जातात, तेव्हा रस्त्याकडेला कोण पाणी वाटतं आणि कोण केळी विकतं, आणि दोघांचे चेहरे कसे सारखेच दमलेले असतात, ते मी बघत आलोय.

आता ज्यासाठी एवढं लिहिलं तिथं येतो. शरदात आपल्याकडे माणसंच काय, सिनेमासुद्धा रस्त्याला लागत होता. पावसाळ्यात तंबू ठोकता येत नाही, म्हणून टूरिंग टॉकीजचा हंगाम पाऊस सरल्यावर सुरू व्हायचा आणि जत्रांच्या मागे मागे उन्हाळ्यापर्यंत चालायचा. ट्रकवर पडदा, यंत्र, कनाती, भोंगे. आमच्या खंडोबाची जत्रा पौष पौर्णिमेला. (हा देवही मुक्काम बदलणारा. मूर्ती एकच; वर्षातला बराच काळ अणदूरला आणि उरलेला नळदुर्गला. दोन गावांमधलं अंतर चारेक किलोमीटर. पण जाणं-येणं चुकत नाही.) शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांचा ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ (२०१६) हा माहितीपट महाराष्ट्रातल्या याच तंबूंचा आहे. तो कान महोत्सवात दाखवला गेला, तिथं माहितीपटांच्या विभागात गौरवलाही गेला. गंजलेला ट्रक ढकलून सुरू करणारी माणसं, रिळांची वाट बघणारा मालक, आयुष्यभर यंत्रं दुरुस्त करून आता रिकामे बसलेले प्रकाश. ३५ मिलिमीटरची फीत जाऊन संगणक येतो तेव्हाचा हा काळ आहे. त्यात झाडांची पानगळ नाही, पण यंत्राचा एकेक भाग सुटा होताना दिसतो आणि तेवढंच पुरतं. देव बेनेगल यांच्या ‘रोड, मूव्ही’त (२००९) असाच फिरत्या सिनेमाचा ट्रक आहे, पण तिथं तो शहरी नायकाला शहाणं करण्यापुरता. माहितीपटातला ट्रक पोट भरण्यासाठी चालतो. दोन्हींमधला फरक चाकांच्या आवाजातसुद्धा ऐकू येतो.

त्या रात्री ‘स्ट्रेट स्टोरी’ बघताना खिडकीबाहेर असाच आवाज चालू होता. आधी मला तो चित्रपटातलाच वाटला. मग लक्षात आलं, दसरा होऊन गेलाय, टोळ्या निघाल्यात. एका ट्रॅक्टरला दोन ट्रॉल्या. ट्रॉलीत पत्रे, बांबू, चूल, पाण्याचे बॅरल, पिठाचे डबे, एखादी शेळी, आणि त्यावर माणसं. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादमाची उचल घेतलेली, ती फेडायला कारखान्याच्या हंगामासाठी निघालेली. बीडकडून, आमच्या जिल्ह्यातून, पश्चिमेकडे आणि खाली कर्नाटकात. परत येणं पाडव्याच्या आगेमागे. आल्विनच्या मागेही एक ट्रॉलीच होती. त्याच्या बाजूने मोठाले ट्रक सुसाट जातात आणि वाऱ्याने त्याची टोपी उडते. इथं ट्रॉलीतल्या बाईच्या डोईवरचा पदर उडतो.

हा आपला शरदातला सगळ्यांत मोठा प्रवास आहे. दर वर्षी होतो, ठरलेल्या वेळेला होतो. त्यात सगळं आहे: मागे राहिलेली म्हातारी माणसं, शाळेतून उठवलेली पोरं, वाटेत दिवस भरलेली बाई. कथा-कादंबऱ्यांनी, वर्तमानपत्रांनी ऊसतोड पुष्कळ लिहिली. पडद्यावरही कोयता अधूनमधून येतो, पण येतो तो फडात, अन्याय सांगायला. ट्रॉलीतल्या दोन दिवसांत ही माणसं एकमेकांशी काय बोलतात, कुठे थांबतात, कुठल्या गावात पाणी मिळतं आणि कुठे हाकलतात, हे दाखवणारा चित्रपट मी पाहिलेला नाही. कारण मला वाटतं असं आहे. आपण प्रवासपट घेतला तो मोटारीसकट घेतला. ज्याची स्वतःची गाडी आहे, ज्याला मनातलं काही मोकळं करायचंय आणि त्यासाठी सुट्टी काढता येते, तोच नायक. ट्रॉलीतला माणूस आपल्या पटकथेत फार तर गाडीला आडवा येतो आणि नायक हॉर्न वाजवतो.

आणि पिवळा रंगच हवा असेल तर तोही आहे. गेल्या पंचवीसेक वर्षांत आमच्याकडे सोयाबीन वाढलं. भाद्रपद सरता सरता शेतंच्या शेतं पिवळी पडतात, आश्विनात पानं गळून नुसत्या शेंगा उरतात. गुडघाभर उंचीची पानगळ, महामार्गाच्या दोन्ही बाजूंना, नजर जाईल तिथवर. मग परतीचा पाऊस येतो आणि काढून ठेवलेल्या बुचाडांवर ताडपत्री टाकायची धावपळ होते. वर्ष हातात येणार की जाणार, ते त्या चार दिवसांत ठरतं. लिंचच्या छायाचित्रकाराने, फ्रेडी फ्रान्सिसने, मक्याची रानं ज्या सबुरीने टिपली, त्या सबुरीने ही शेतं कुणी बघितली तर ‘उशीर’ आणि ‘निघणं’ दोन्ही एका चौकटीत येतील. रान रिकामं होतं आणि त्याच रानातला माणूस कोयता घेऊन ट्रॉलीत चढतो.

परवा हायवेच्या कडेला चहाच्या टपरीपाशी अशीच एक जोडट्रॉली थांबली होती. माणसं खाली उतरली होती, एक आठ-दहा वर्षांचा पोरगा तेवढा वर गोणपाटांवर पालथा पडून मोबाइलमध्ये डोकं घालून होता.

“काय बघालास रं?” मी विचारलं.

“पिच्चर.”

“कंचा?”

त्याने मान वर न करता मोबाइल माझ्याकडे वळवला. उन्हामुळे काचेवर मला माझंच तोंड दिसलं, मागे रस्ता आणि सोयाबीनचं रान. नाव वाचायला मी जवळ सरकलो तोवर ट्रॅक्टर सुरू झाला.