निकाल वाचताना तारखाही वाचा

हेबियस कॉर्पस, म्हणजे बंदी प्रत्यक्षीकरण याचिका, एकच प्रश्न विचारते: या व्यक्तीला बेकायदा अडकवून ठेवलंय का? ती सज्ञान असेल तर तिचं स्वतःचं उत्तर पुरेसं. हादिया प्रकरणात मात्र वडिलांच्या याचिकेवर केरळ उच्च न्यायालयाने मे २०१७ मध्ये तिचं लग्नच रद्द ठरवून तिला माहेरी धाडलं. सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये तो निकाल फिरवला. तत्त्व उत्तमच. पण तारखा बघा: ऑगस्टमध्येच एनआयए तपासाचा आदेश निघाला, तिचं म्हणणं मात्र या न्यायालयाने ऐकलं २७ नोव्हेंबरला. तोवर ती वडिलांच्या घरीच. मी विज्ञानाची, त्यामुळे मोजायची सवय. तुम्हीही असा निकाल अभ्यासताना एवढं मोजाच: तिलाच विचारायला किती महिने लागले?