एक गाणे, तीन वस्त्रे

गाण्याचा प्राण नेमका कशात असतो? शब्दांत, चालीत, गाणाऱ्याच्या कंठात, की भोवतीच्या वाद्यमेळात? संगीताच्या चर्चेत हा प्रश्न जुनाच आहे. बहुधा तो ज्याच्या त्याच्या मतावर सोडून द्यावा लागतो, कारण पडताळून पाहण्याची सोय नसते. ही सोय १९ नोव्हेंबर २००२ रोजी अमेरिकेतील एका व्यापारी ध्वनिमुद्रिकेने अभावितपणे करून दिली. कॅनडाच्या गायिका शनाया ट्वेन यांचा 'अप!' हा गीतसंग्रह त्या दिवशी प्रसिद्ध झाला. त्यात एकोणीस गाणी होती आणि तीच एकोणीस गाणी तीन निरनिराळ्या वाद्यमेळांत बांधलेली होती. तबकड्यांना रंगांची नावे होती. लाल तबकडी पॉप संगीताची, हिरवी कंट्री संगीताची आणि निळी, आम्हांस विशेष कुतूहल वाटावे अशी, भारतीय वळणाच्या ताल-सुरांची. या संग्रहाकडे गाण्याच्या प्राणाची एक परीक्षा म्हणून पाहावे, असा आमचा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

कंट्री संगीत म्हणजे अमेरिकेच्या ग्रामीण, कष्टकरी गोऱ्या वस्त्यांतून वर आलेले गाणे, असे ढोबळमानाने म्हणता येईल. फिडल, बँजो, मँडोलिन आणि तारांवरून सरकत जाणारी स्टील गिटार ही त्याची ओळखीची वाद्ये. प्रेम, विरह, दारू, घर, देव आणि रस्ता हे त्याचे नेहमीचे विषय. टेनेसी राज्यातील नॅशव्हिल हे शहर या संगीताचे माहेरघर. परंतु शुद्धतेचा कितीही अभिमान मिरवला जात असला, तरी वेशांतर हा या संगीताचा जुना स्वभाव आहे. १९५० च्या दशकाच्या उत्तरार्धात चेट ॲटकिन्स व ओवेन ब्रॅडली या निर्मात्यांनी फिडल आणि स्टील गिटार मागे सारून व्हायोलिनसमूह व कोरस पुढे आणला, आणि शहरी श्रोत्यांच्या दिवाणखान्यात कंट्री गाण्याला जागा मिळवून दिली. पुढे १९६२ मध्ये रे चार्ल्स या कृष्णवर्णीय गायकाने कंट्री गाणी आपल्या ढंगात गाऊन अनेकांच्या भुवया उंचावल्या. तेव्हा शनाया ट्वेन यांनी काही अघटित केले असे मानण्याचे कारण नाही. जे इतरांनी एकेकदा केले, ते त्यांनी एकाच वेळी तीन अंगांनी केले, इतकेच.

या गायिकेची पार्श्वभूमी संग्रहाच्या आस्वादासाठी ध्यानात घ्यावी लागते. त्यांचे बालपण ऑन्टारिओ प्रांतातील टिमिन्स या खाणकामगारांच्या गावी गरिबीत गेले. १९८७ साली मोटार अपघातात आई आणि सावत्र वडील दोघेही दगावले. विशीच्या आरंभी असलेल्या या मुलीवर धाकट्या भावंडांचा भार पडला, आणि पर्यटकांच्या एका विश्रामस्थळी गाऊन तिने तो पेलला. समोर बसलेल्या परक्या श्रोत्याला काय हवे, हे ओळखण्याची सवय तिथेच लागली असावी, असे आम्हांस वाटते. पुढे त्यांचे निर्माते आणि पती झालेले रॉबर्ट जॉन 'मट' लँग हे कंट्री संगीतातले नव्हतेच. एसी/डीसी आणि डेफ लेपर्ड या रॉक संगीताच्या वाद्यवृंदांच्या गाजलेल्या ध्वनिमुद्रिका घडविणारा हा माणूस. एका एका सुराची घासूनपुसून घडण करणे ही त्यांची ख्याती. १९९५ चा 'द वुमन इन मी' आणि १९९७ चा 'कम ऑन ओव्हर' हे या दोघांच्या सहकार्यातून निघाले. दुसऱ्याच्या जगभरात चार कोटींहून अधिक प्रती खपल्या.

'अप!' चे बीज 'कम ऑन ओव्हर' मध्येच आहे. अमेरिकेतील यशानंतर १९९८ साली त्या संग्रहाची परदेशासाठी वेगळी आवृत्ती काढण्यात आली आणि तीत कंट्री वाद्यांचा रंग मुद्दाम फिका केला गेला. युरोपातील श्रोत्याला फिडल परके वाटेल, असा हिशेब त्यामागे होता. हा हिशेब खरा ठरल्यावर पुढच्या संग्रहात तो आरंभापासूनच मांडला गेला. उत्तर अमेरिकेत लाल आणि हिरवी तबकडी एका संचात मिळे, अन्य देशांत लाल आणि निळी.

हे साध्य कसे होते, हेही थोडक्यात सांगितले पाहिजे. आधुनिक ध्वनिमुद्रणात गायिकेचा आवाज, तालवाद्ये, तंतुवाद्ये यांचे मुद्रण स्वतंत्र पट्ट्यांवर करतात. त्यामुळे आवाजाची पट्टी तशीच ठेवून तिच्याखालचा सारा वाद्यमेळ उचलून नवा मांडता येतो. वस्त्र बदलावे आणि देह तोच राहावा, तशी ही क्रिया. आमच्या मते या संग्रहाचे सामर्थ्य आणि मर्यादा दोन्ही इथेच आहेत. तिन्ही तबकड्यांत गाणे तेच, आवाज तोच, त्यामुळे तुलना अगदी स्वच्छ होते. पण वाद्ये बदलली म्हणून गायिका आपले गाणे बदलत नाही. सतारीला ती उत्तर देत नाही आणि फिडलशी ती भांडत नाही. भोवतालचे सगेसोयरे बदलतात, मात्र त्यांच्याशी होणारा संवाद बदलत नाही.

आता परीक्षेचा निकाल. 'आय अॅम गॉना गेट्च्या गुड!' हे संग्रहातून प्रथम बाहेर आलेले गाणे लाल वस्त्रातच शोभते. त्याची चाल ठोक्यावर उभी आहे, आणि ठोका काढून घेतला की ती डळमळते. याउलट 'फॉरएव्हर अँड फॉर ऑल्वेज' हे संथ प्रेमगीत हिरव्या तबकडीत मोकळा श्वास घेते. त्यातले सुख घरगुती आहे, आणि कंट्रीच्या वाद्यांना घरगुती सुखदुःखाची भाषा उपजत येते. वियोगानंतर आपण सावरलो आहोत असे सांगणारे, पण श्वास घेतानाच दुखते अशी थट्टेच्या आडून कबुली देणारे एक गाणे संग्रहात आहे. हसत हसत रडण्याची ही रीत अस्सल कंट्रीची, आणि म्हणून तेही हिरव्यातच पटते. अर्थ आणि वाद्य यांचे नाते जिथे आतून जुळते, तिथे वस्त्र अंगाचे वाटते. जिथे ते बाहेरून चढवलेले असते, तिथे शिंप्याची टीप दिसते.

निळी तबकडी सायमन आणि डायमंड दुग्गल या बर्मिंगहॅमच्या बंधूंनी बांधली. १९९० च्या दशकात आपल्याकडेही गाजलेल्या अपाचे इंडियन या गायकाबरोबर त्यांनी पूर्वी काम केलेले होते. तबला-ढोलकाच्या वळणाचे ताल, सतारीची छटा आणि हिंदी चित्रपटगीतांची आठवण करून देणारे व्हायोलिनसमूहाचे सूर त्यांनी या गाण्यांखाली घातले. द्रुत, नाचऱ्या गाण्यांत हा प्रयोग रंगतो, कारण भांगड्याच्या तालाची उसळी आणि पॉप संगीताची उसळी यांचे गोत्र फार दूरचे नाही. संथ गाण्यांत मात्र तो उणा पडतो. आपल्याकडचा स्वर मींड घेत, एका सुरातून दुसऱ्यात विरघळत जातो. ट्वेन यांची चाल पाश्चात्त्य स्वरसंगतीच्या पायऱ्यांवर पावले टाकीत चढते. खाली सतार आणि वर पायऱ्या, अशा वेळी दोघेही आपापल्या घरी राहतात.

येथे एका गोष्टीचे स्मरण आमच्या वाचकांना विशेष रुचेल. युरोपच्या श्रोत्याला जो सूर 'पौर्वात्य' म्हणून ऐकविला गेला, तो निखळ पौर्वात्य नव्हताच. हिंदी चित्रपटगीतांतील तो भरदार व्हायोलिनसमूह मुंबईच्या स्टुडिओंत घडला आणि तो घडविणाऱ्यांत गोव्याच्या कॅथोलिक वादकांचा वाटा मोठा होता. शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांचे वाद्यसंयोजन करणारे सेबास्टियन डिसोझा, सी. रामचंद्रांच्या साथीला ट्रम्पेट घेऊन उभे राहणारे चिक चॉकलेट, आणि माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, ज्यांच्याकडे प्यारेलाल व्हायोलिन शिकले, ही नावे कशी विसरावीत? पाश्चात्त्य लिपीत स्वरलेखन करणाऱ्या या मंडळींनी भारतीय चालींना पाश्चात्त्य वाद्यमेळाचे अंगण दिले. तोच मिश्र सूर बर्मिंगहॅममार्गे एका कॅनेडियन गायिकेच्या गाण्याखाली जाऊन बसला. परंतु त्या वादकांच्या मिश्रणात आणि या मिश्रणात एक भेद आहे. मुंबईत गायक, वादक आणि संयोजक एकाच दालनात एकमेकांना ऐकत गाणे उभे करीत. तिथे वाद्यमेळ गाण्याबरोबर जन्माला येई. निळ्या तबकडीत तो नंतर येऊन बसला. संकर दोन्हीकडे आहे, पण सहवास एकीकडेच.

यश मात्र भरभरून मिळाले. अमेरिकेत पहिल्याच आठवड्यात ८,७४,००० संच विकले गेले. तेथील ध्वनिमुद्रण उद्योगाच्या संघटनेने पुढे त्याला १ कोटी १० लाखांचे प्रमाणपत्र दिले. त्या मोजणीत दोन तबकड्यांचा संच दोन धरला जातो, हे ध्यानात ठेवावे. या संग्रहातच 'का-चिंग!' नावाचे गाणे आहे. पैशाच्या गल्ल्याच्या आवाजावरून त्याला नाव पडले आणि कर्ज काढून खरेदी करीत सुटलेल्या समाजाला ते टोचून बोलते. गाणे चांगले आहे, टोचणीही खरी आहे. पण एकच माल तीन रंगांत मांडणाऱ्या दुकानातून ती ऐकू येते, ही विसंगती आम्हांस दृष्टीआड करवत नाही. तरीही आम्ही या प्रयोगाला निव्वळ व्यापार म्हणणार नाही. निव्वळ व्यापाऱ्याने एकाच रंगावर भागवले असते. तीन वाद्यमेळ बांधण्याच्या खटाटोपात कारागिराची हौसही आहे.

या कथेला पुढे जे वळण मिळाले, त्याने संग्रहाचा अर्थ पालटला. टिकचावीतून जडलेल्या लाइम रोगामुळे ट्वेन यांच्या स्वरतंतूंच्या नसांवर परिणाम झाला आणि आवाज हातचा जाऊ लागला. २००८ मध्ये पती-पत्नी विभक्त झाली व २०१० मध्ये घटस्फोट झाला. तिन्ही तबकड्यांत जी एकच गोष्ट अढळ होती, तो आवाजच ढळला, आणि वस्त्रे शिवणारा निर्माताही दूर झाला. 'अप!' नंतर जवळपास पंधरा वर्षांनी, २९ सप्टेंबर २०१७ रोजी, 'नाउ' हा नवा संग्रह आला. त्यातील सर्व गाणी त्यांनी एकटीने लिहिली. आवाज पूर्वीपेक्षा खालचा आणि जाडसर आहे, यंत्राने त्याला जागोजाग आधार दिलेलाही जाणवतो. घडणीत तो 'अप!' च्या जवळपासही येत नाही, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. पण तो एकाच वस्त्रात आला. श्रोत्याला कोणता रंग आवडेल याची चौकशी त्यात नाही. २०१८ साली गळ्यावर शस्त्रक्रिया करून घेऊन त्या गात राहिल्या.

दोन्ही संग्रह शेजारी ठेवून ऐकावेत, अशी आमची वाचकांस शिफारस आहे. आरंभीच्या प्रश्नाचे उत्तर आम्हांस त्यांतून असे मिळाले: वाद्यमेळ गाण्याला कुठल्याही दारी नेऊ शकतो, पण दार उघडल्यावर आत शिरतो तो आवाज. 'अप!' ऐकताना आपण कौशल्याला दाद देतो. 'नाउ' मधल्या त्या खरखरीत खालच्या सुराजवळ आपण थोडे अधिक थांबतो, कारण तिथे एक बाई आपल्या उरलेल्या आवाजात, जे सांगायचे ते स्वतःच्या शब्दांत सांगत असते.