खलिफाचे बगदाद आणि साताऱ्याचा शिपाई

मराठी वाचकास इराकची ओळख झाली ती गोष्टींतून. कृष्णशास्त्री चिपळूणकर यांनी आरंभिलेले व त्यांचे पुत्र विष्णुशास्त्री यांचा हात लागलेले अरबी कथांचे भाषांतर घरोघर वाचले गेले. आणि बगदाद म्हणजे वेष पालटून रात्री हिंडणारा खलिफा, बसरा म्हणजे सिंदबादचे गलबत, असे आपल्या मनात पक्के बसले. त्याची भाषा इतकी घरगुती की आपण परक्या मुलखात आहो याचा विसर पडावा. ग्रंथाचा हा मोठा गुण. पण दोषही तोच. परक्यास आपल्या घरचा केल्यावाचून त्याच्याशी बोलावयाचे नाही, ही आपली जुनी खोड आहे. सांगलीजवळच्या हरिपूरचे देवल यांनी १८९० साली ऑथेल्लोचा झुंजारराव केला. नाटक उत्तम साधले; मूर मात्र नाहीसा झाला!

वस्तुतः खऱ्या बगदादची वाट साताऱ्याच्या माणसांस फार पूर्वीच ठाऊक झाली होती. नोव्हेंबर १९१४ मध्ये पुण्याची सहावी डिव्हिजन शत-अल-अरबच्या मुखाशी उतरली, व १०३, १०५ नव्हे तर १०३, ११० व ११७ ह्या मराठा पलटणी तिच्यात लढल्या. सातारा जिल्हा, ज्यात तेव्हा आजच्या सांगली जिल्ह्यातील तासगाव, वाळवा, खानापूर हे तालुकेही होते, हा ह्या पलटणींच्या भरतीचा जुना मुलूख. कुत-अल-अमारा येथे ७ डिसेंबर १९१५ पासून त्यांस वेढा पडला. अन्न सरत आले, तेव्हा घोड्याचे मांस खाण्यास पुष्कळ हिंदी शिपायांनी कित्येक आठवडे नकार दिला; अशक्तपणाने व रोगाने ते खचले. २९ एप्रिल १९१६ रोजी सुमारे तेरा हजार माणसे तुर्कांच्या कैदेत गेली, व त्यांतील हजारो परतलीच नाहीत. धर्म, भूक आणि हुकूम यांच्या कात्रीत सापडलेल्या शेतकऱ्याच्या पोराहून अधिक करुण नायक कादंबरीकारास कोणता हवा होता?

बसऱ्याच्या स्मारकावर चाळीस हजारांहून अधिक मृतांची नोंद आहे. त्यात इंग्रज शिपायाचे नाव भिंतीवर कोरले; हिंदी शिपाई पलटणीखालच्या नुसत्या आकड्यात मोजला गेला. साताऱ्याजवळचे अपशिंगे आपल्या ४६ मृतांचे स्मरण अद्याप ठेवते. मराठी वाङ्मयाने मात्र बसऱ्याच्या भिंतीचीच रीत उचलली, असे म्हणणे प्राप्त आहे.

आणि ज्यांच्या भूमीवर हे सारे घडले ते लोक? मार्च १९१७ मध्ये बगदाद घेऊन सेनापती मॉड याने आपण जेते नसून मुक्तिदाते आहो असा जाहीरनामा काढला. एप्रिल १९२० मध्ये सान रेमो येथे तोच देश इंग्रजांच्या पालकत्वाखाली दिला गेला. जूनअखेर युफ्रेटिसकाठच्या टोळ्या उठल्या, शिया व सुन्नी एकत्र आले. उठावाच्या ऐन भरात, १ ऑगस्टला, मुंबईस टिळक वारले. इकडे स्वराज्य मागणारा देश शोक करीत होता. तिकडे स्वराज्य मागणाऱ्यांस मोडावयास बव्हंशी हिंदी फौजच धाडलेली होती. पुढे १९२१ त फैजल गादीवर आला, १९३२ त स्वातंत्र्य मिळाले, १९५८ त राजघराणे रक्तात बुडाले. ह्यांतील एकही तारीख आपल्या ललित वाङ्मयाच्या अनुभवाची झाली नाही.

मराठी लेखणीस परके दुःख पेलत नाही, हे कारण मला पटत नाही. विश्राम बेडेकरांच्या ‘रणांगण’ने १९३९ सालीच युरोपच्या सर्वनाशाची छाया एका बोटीवर पकडली. पण ती बोट सुशिक्षित उतारूंची होती. बसऱ्यास गेलेल्या बोटीत अपशिंग्याची माणसे होती, आणि त्यांतील बहुतेकांस लिहिता येत नव्हते.