सोनाली बेंद्रे नुसती बघते तेव्हा

परभणीत आमच्या शाळेच्या गॅदरिंगला एका वर्षी मोठ्या वर्गातल्या पोरी 'अगं बाई अरेच्चा!'मधल्या गाण्यावर नाचल्या होत्या. पडद्यावर ते गाणं सोनाली बेंद्रेचं. २००४चा केदार शिंदेंचा हा सिनेमा. बायकांच्या मनातलं नायकाला ऐकू येतं, ही त्यातली गंमत. सोनालीच्या वाट्याला मात्र एक गाणं, म्हणजे तिला फक्त बघायचं. मीही तेवढंच केलं आणि पुढं इंजिनिअरिंगच्या होस्टेलवर 'दिसायला भारी, ॲक्टिंग शून्य' असं मत ठोकून मोकळा झालो.

ते मत आता मागं घेतोय. सगळं नाही, बरंचसं.

मॉडेलिंग करून ती १९९४ला गोविंदासोबत 'आग'मध्ये आली. फिल्मफेअरनं तिला 'न्यू फेस'चा पुरस्कार दिला. नवा चेहरा! इंडस्ट्रीनं ते शब्दशः घेतलं. 'हम साथ-साथ हैं'मध्ये ती डॉक्टर आहे म्हणे, पण सगळा वेळ लाजण्यात जातो. 'मेजर साब'मध्येही तेच: नायकाला प्रेमात पडायला कुणीतरी हवं, म्हणून ती.

पण मॉडेलला एक गोष्ट येते, जी आपण अभिनयात धरतच नाही. काही न करता कॅमेऱ्यासमोर थांबणं. 'सरफरोश' (१९९९) मी पहिल्यांदा मोबाईलवर दीडपट स्पीडनं पाहिला होता (हो, मी तसलाच आहे). मंचावर नसीरुद्दीन शाह गातोय, आवाज जगजित सिंगांचा, आणि सोनाली-आमिरला कॉलेजचे दिवस आठवतायत. संवाद जवळजवळ नाहीतच. तिचं बघणं, नजर काढून घेणं, हसू दाबणं, एवढंच. दीडपट स्पीडला त्यातलं काही उरत नाही. नुसती सुंदर मुलगी दिसते. नीट स्पीडला लावलं तर कळतं की या गाण्यात तिला कुणी बघत नाहीये, बघतेय ती.

ही गोष्ट खरी ओळखली अमोल पालेकरांनी. 'अनाहत' (२००३) मराठी आहे, सुरेंद्र वर्मांच्या नाटकावरचा. राजाला मूल होऊ शकत नाही, म्हणून राणी शीलवतीनं नियोगासाठी एका रात्रीपुरता परपुरुष निवडायचा, असा दरबाराचा निर्णय. तिच्या शरीराबद्दल सगळे बोलतात, तिला कुणी विचारत नाही. सकाळी परतलेली शीलवती मात्र अपराधी नसते. तिला स्वतःचं सुख कळलेलं असतं आणि ती ते सगळ्यांसमोर बोलते. दहा वर्षं जिला पडद्यावर शोभेला ठेवलं, तिनंच ही भूमिका करावी, यात मला जरा हिशेब चुकता झाल्यासारखं वाटतं. अनंत नाग, दीप्ती नवल समोर असताना ती कुठं कुठं कमी पडते, जड वाक्यं तिला पेलत नाहीत. पण गप्प असते तेव्हा कमी पडत नाही.

नंतर टीव्ही. रिॲलिटी शोची परीक्षक, मग २०१४ला 'अजीब दास्तां है ये' ही मालिका, जी काही महिन्यांतच संपली. जुलै २०१८मध्ये तिनं कर्करोग झाल्याचं सांगितलं आणि उपचारांदरम्यान केस गेलेल्या डोक्याचा फोटो स्वतःच टाकला. चेहऱ्यावर पोट असलेल्या बाईनं.

'द ब्रोकन न्यूज' (२०२२) मी त्यानंतर पाहिली, म्हणून माझं मत थोडं मऊ झालं असेल, मान्य. तिथं ती अमिना कुरेशी, टीआरपी नसलेल्या वृत्तवाहिनीची संपादक. समोरच्या वाहिनीवर जयदीप अहलावत आरडाओरडा करतो, ती ऐकून घेते. अहलावत मोठा नट, प्रश्नच नाही. पण मी परत परत तिच्याकडं बघत राहिलो.

सुट्टीत घरी आईसोबत दोन भाग पाहिले. आईला विचारलं, कशी वाटली? "कोण, ती सोनाली का?" म्हणाली, "लई थकल्यावानी दिसती. पण बरोबर, हापिसात बायका अशाच दिसत्यात."