माफीच्या साक्षीदाराची जबानी : मेडोज टेलरच्या कादंबऱ्यांतील वंशविचार

एकोणिसाव्या शतकातील इंग्रजी साहित्यावर साम्राज्याची आणि वंशश्रेष्ठत्वाच्या कल्पनेची छाया कशी पडली, याचा विचार एडवर्ड सईद यांच्या ‘ओरिएंटॅलिझम’ (१९७८) आणि ‘कल्चर अँड इम्पीरिअॅलिझम’ (१९९३) या ग्रंथांनंतर विपुल प्रमाणात झाला आहे. या चर्चेत एक मुद्दा वारंवार मांडला जातो. साम्राज्याच्या साहित्यात जित माणूस मुका असतो, असा तो मुद्दा होय. त्यासाठी शार्लट ब्राँटेच्या ‘जेन एअर’ (१८४७) या कादंबरीतील बर्था मेसनचे उदाहरण हमखास दिले जाते. जमैकाहून आणलेली आणि इंग्रज हवेलीच्या माळ्यावर कोंडलेली ही स्त्री हसते, किंचाळते, घराला आग लावते. पण आपली बाजू ती स्वतः कधीच सांगत नाही. उदाहरण बिनतोड आहे. मात्र हिंदुस्थानाविषयी त्या काळात सर्वाधिक वाचल्या गेलेल्या एका इंग्रजी कादंबरीला हा नियम लागू पडत नाही. तीत हिंदी माणूस तीन खंडभर अखंड बोलतो आणि साहेब ऐकत असतो. ती कादंबरी म्हणजे फिलिप मेडोज टेलरची ‘कन्फेशन्स ऑफ अ ठग’ (१८३९). जित माणसाला वाचा दिल्यानेच जेथे वंशविचाराचे काम साधते, अशा प्रकारचे हे लेखन असल्यामुळे त्याची स्वतंत्र चिकित्सा आवश्यक ठरते.

टेलर हा दख्खनच्या वाचकाला परका नाही. १८०८ मध्ये लिव्हरपूल येथे जन्मलेला हा मुलगा १८२४ मध्ये व्यापारी पेढीत नोकरी करण्यासाठी मुंबईस उतरला आणि लवकरच निजामाच्या चाकरीत शिरला. कंपनीच्या सनदी अधिकाऱ्यांच्या पंक्तीत त्याला कधी मानाचे पान मिळाले नाही. पण त्यामुळेच रयतेशी त्याचा संबंध अधिक जवळचा राहिला असावा. हिंदुस्थानी आणि मराठी या भाषा त्याने कामापुरत्या नव्हे, तर मनापासून आत्मसात केल्या. १८४१ पासून सुरपूर संस्थानात आणि १८५३ नंतर नळदुर्ग जिल्ह्यात त्याने कारभार पाहिला. त्याची पत्नी मेरी ही हैदराबादचे प्रसिद्ध सावकार विल्यम पामर यांची कन्या. विल्यम पामर हे जनरल पामर आणि फैझ बख्श बेगम यांचे पुत्र होते. म्हणजे टेलरच्या पत्नीची आजी हिंदुस्थानी मुसलमान स्त्री होती. ही गोष्ट पुढे त्याच्या अखेरच्या काळातील एका कादंबरीसंबंधी बोलताना लक्षात ठेवावी लागेल. हिंदी माणसाचा द्वेष करणाऱ्या लेखकांच्या यादीत टेलरला बसवता येत नाही, हे प्रारंभीच मान्य केले पाहिजे. द्वेष्ट्या लेखकाचा वंशविचार ओळखण्यास समीक्षकाची गरजच काय?

‘कन्फेशन्स ऑफ अ ठग’चा निवेदक अमीर अली हा माफीचा साक्षीदार आहे. लहानपणी ठगांनी त्याच्या आईवडिलांचा बळी घेतला आणि त्यांच्यापैकीच इस्माईल याने त्याला मुलगा म्हणून वाढवले. पुढे तो स्वतः जमादार झाला, शेकडो प्रवाशांचे गळे त्याने रुमालाने आवळले आणि ओळख न पटल्याने सख्ख्या बहिणीचाही जीव घेतला. त्याच्या खात्यावर ७१९ खून आहेत. कैदेत पडलो नसतो तर हजार भरले असते, अशी हळहळ तो व्यक्त करतो. ही सर्व हकिकत तो एका अनामिक साहेबाला सांगतो आहे. मधूनमधून साहेब लेखणी थांबवून कैद्याची अदब, त्याचा नीटनेटका पोशाख, बोलण्यातील नजाकत यांचे वर्णन करतो आणि इतका सुसंस्कृत दिसणारा माणूस इतका निर्दय कसा, याचे नवल करतो.

या रचनेचे मूळ साहित्यात नसून कचेरीत आहे. १८३० च्या सुमारास विल्यम स्लीमन याने ठगांच्या बंदोबस्ताची जी पद्धत उभी केली, तिचा पाया माफीच्या साक्षीदाराची जबानी हा होता. पकडलेल्या ठगाने साथीदारांची नावे सांगायची, वंशावळ सांगायची, प्रेते पुरलेल्या जागा दाखवायच्या आणि त्या बदल्यात फाशी टाळायची. १८३६ च्या तिसाव्या कायद्याने तर विशिष्ट खून सिद्ध करण्याची गरजही उरली नाही. ठगांच्या टोळीत कधीकाळी होता एवढे शाबीत झाले की जन्मठेप. राधिका सिंघा यांनी ‘अ डेस्पॉटिझम ऑफ लॉ’ (१९९८) या ग्रंथात दाखवल्याप्रमाणे येथे कृत्याऐवजी माणसाची जातकुळीच शिक्षेचा विषय बनली. १८७१ चा गुन्हेगार जमातींचा कायदा याच वाटेने आला.

टेलर हा स्वतः निजामाच्या मुलखात पोलिस अधिकारी म्हणून अशा जबान्या घेत होता. कचेरीतील दप्तराचाच साचा त्याने कादंबरीला दिला. म्हणून अमीर अली बोलतो हे खरे असले तरी कोणत्या अटीवर बोलतो, हा प्रश्न उरतोच. फाशीचा दोर बाजूला ठेवून त्याला बोलते केले आहे. तो जितके मोकळेपणाने बोलेल तितका तो स्वतःविरुद्ध पुरावा देत जातो. आणि त्याच्या मागे असलेल्या, कधीही न बोललेल्या हजारो लोकांविरुद्धही. वाचकाला मात्र वाटते, हे कोणा इंग्रजाचे मत नव्हे, खुद्द त्या माणसाचे शब्द आहेत. संभाषणात पेरलेले ‘बिस्मिल्लाह’, ‘माशाल्लाह’, ‘अल्हम्दुलिल्लाह’ हे उद्गारही तेच काम करतात. उर्दूच्या वाचकाला ते बोलण्याच्या ओघातील साधे शब्द वाटतील. लंडनच्या वाचकाला मात्र खुन्याच्या तोंडी आलेले हे शब्द त्याच्या धर्माची साक्ष वाटत. मुसलमान अमीर अली भवानीचा कौल घेऊन खुनाला निघतो, हा विरोध टेलर तक्दीरच्या कल्पनेने मिटवून टाकतो. इस्लाममधील तक्दीर आणि हिंदूंचा देवीवरील विश्वास ही दोन्ही अशा रीतीने एकाच पौर्वात्य अंधश्रद्धेच्या खात्यात जमा होतात. पगारी फौजा मोडल्याने बेकार झालेले शिपाई, लुटीत वाटा घेणारे जमीनदार, उजाड झालेले मुलूख यांचे धागेदोरे किम वॅगनर यांच्यासारख्या इतिहासकारांनी अलीकडे उलगडले आहेत. टोळ्या नव्हत्याच, असे त्यांचे म्हणणे नाही. खून खरेच पडले. परंतु त्यांची कारणे मुलखात होती, रक्तात नव्हती.

याच काळातील ब्रिटनमधील एक प्रकरण शेजारी ठेवले म्हणजे हा भेद स्पष्ट होतो. १८२८ मध्ये एडिंबरो शहरात बर्क आणि हेअर या दोघांनी सोळा माणसांना, बहुतेकांना दारू पाजून, श्वास कोंडून ठार केले आणि प्रेते शरीरशास्त्राचे अध्यापक डॉ. रॉबर्ट नॉक्स यांना विकली. येथेही विश्वासघात आहे, पैशाचा लोभ आहे, आणि माफीचा साक्षीदारही आहे. हेअरने सरकारला साक्ष दिली, बर्क जानेवारी १८२९ मध्ये फासावर गेला आणि हेअर सुटला. हिंदुस्थानात साक्ष देणारा ठग आयुष्यभर कैदेतच राहिला, कारण तो जन्मतःच ठग मानला गेला होता. हेअरने काय केले हे पाहिले गेले. ठग काय आहे हे पाहिले गेले. आणि प्रेते विकत घेणारे डॉ. नॉक्स? त्यांच्यावर खटलाही झाला नाही. १८५० मध्ये त्यांनीच ‘द रेसेस ऑफ मेन’ हा ग्रंथ लिहून मानवी इतिहासात वंश हेच सर्वस्व असल्याचा सिद्धांत मांडला.

भाषेतही या व्यवहाराची खूण राहिली आहे. मराठीत आणि उर्दूत ठग म्हणजे फसवणारा, लबाड. दख्खनमध्ये गळा आवळणाऱ्याला फासीगार म्हणत. इंग्रजीने ठग हा शब्द उचलला, त्यातील फसवणूक गाळली आणि दांडगाई तेवढी ठेवली.

१८५७ च्या उठावानंतर इंग्रजी लेखणीचा स्वर बदलला. चार्ल्स डिकन्ससारख्या गरिबांच्या कैवारी लेखकाने ऑक्टोबर १८५७ मध्ये एका खाजगी पत्रात, आपण हिंदुस्थानचे सरसेनापती असतो तर या वंशाचा निःपात केला असता, अशा आशयाचे उद्गार काढले. त्याच वर्षीच्या नाताळ अंकासाठी त्याने विल्की कॉलिन्सच्या साह्याने एक दीर्घकथा लिहिली. तीत स्थळ मध्य अमेरिकेचे घेतले असले तरी विश्वासघातकी एतद्देशीयाचे पात्र कोणाला उद्देशून आहे हे लपत नाही. कॉलिन्सने पुढे ‘द मूनस्टोन’मध्ये (१८६८) श्रीरंगपट्टणच्या लुटीपासून कथेला आरंभ करून हिरा अखेर सोमनाथास परत पोचवला. डिकन्सच्याच साप्ताहिकातून ती क्रमशः प्रसिद्ध व्हावी, ही योगायोगाची गोष्ट म्हटली तरी बोलकी आहे.

टेलरने मात्र सूड उगवणारे लेखन केले नाही. १६५७, १७५७ आणि १८५७ या शंभर-शंभर वर्षांच्या अंतरावरील तीन काळांवर त्याने तीन कादंबऱ्या लिहिल्या. पहिली ‘तारा’ (१८६३) ही तुळजापूर, विजापूर आणि शिवकाल यांची कथा. मराठीतील ‘मोचनगड’ १८७१ मधील. म्हणजे शिवकालाला कादंबरीत आणण्याचे काम या इंग्रज अधिकाऱ्याने त्याआधी केले होते. हरिभाऊ आपटे यांनी ‘म्हैसूरचा वाघ’ लिहिताना टेलरच्याच ‘टिपू सुलतान’चा (१८४०) आधार घेतला. टिपूसारख्या शासकाचे चित्र मराठी वाचकाला इंग्रजी चष्म्यातून मिळाले, याची पुरेशी दखल मराठी समीक्षेने घेतलेली नाही. ‘तारा’मध्ये अफझलखान हा कुटुंबवत्सल सरदार आहे आणि त्याचा मुलगा फाजल व तुळजापूरच्या ब्राह्मणाची विधवा कन्या तारा यांचा विवाह होतो. पुढे याच विषयावर किती कडवट लेखन झाले हे आठवले म्हणजे टेलरच्या उदारपणाचे मोल कळते.

हाच विषय ‘सीता’ (१८७२) या तिसऱ्या कादंबरीत १८५७ च्या पार्श्वभूमीवर येतो. या वेळी पुरुष इंग्रज आहे. सिरिल ब्रँडन हा अधिकारी सोनाराची विधवा सीता हिच्याशी लग्न करतो. इंग्रज मंडळी नाके मुरडतात. टेलरची सहानुभूती उघडपणे सीतेकडे आहे. पण शेवटी नवऱ्यावर आलेला घाव स्वतःवर घेऊन ती मरते आणि ब्रँडन विलायतेस परतून ग्रेस या इंग्रज स्त्रीशी विवाहबद्ध होतो. दख्खनच्या भूतकाळात ब्राह्मण कन्या आणि मुसलमान तरुण सुखाने नांदू शकतात. परंतु हिंदुस्थानी स्त्री इंग्रजाची पत्नी म्हणून विलायतेच्या दिवाणखान्यात बसलेली टेलरला दाखवता येत नाही. स्वतःच्या मुलींच्या अंगी फैझ बख्श बेगमेचे रक्त असलेल्या माणसाला हे लिहिता येऊ नये, यात त्याचा व्यक्तिगत भ्याडपणा किती आणि त्या काळच्या इंग्रजी कादंबरीने घातलेली मर्यादा किती, हे सांगणे अवघड असले तरी दुसरे कारण अधिक बलवत्तर वाटते. सीतेने मरावे ही कादंबरीची गरज आहे. तिच्या मरणानेच तिचे चांगुलपण निर्धोक होते.

‘सीता’तील खलनायकाचे नाव आहे अझराएल पांडे. दरोडेखोर, खुनी आणि बंडवाला. इज्राईल हा इस्लामी श्रद्धेनुसार मृत्यूचा फरिश्ता. पांडे हे उत्तरेतील ब्राह्मणाचे आडनाव. मंगल पांडेनंतर सर्वच बंडवाल्या शिपायांना इंग्रज सोल्जर ‘पँडी’ म्हणू लागले होते. हे दोन शब्द एका माणसाला चिकटलेले हिंदुस्थानात कोणी ऐकले नसतील. घरोघरच्या चालीरीती बारकाव्याने टिपणाऱ्या टेलरला ही विसंगती कळत नव्हती असे म्हणणे त्याच्या विद्वत्तेचा अपमान ठरेल. पण १८५७ नंतर त्याला हवा होता तो बंडवाला हिंदूही नव्हे आणि मुसलमानही नव्हे. दोहोंचे भय एकत्र गोठवलेला एक पुतळा. अमीर अलीला निदान बालपण होते, बाप होता, पश्चात्ताप नसला तरी हळहळ होती. अझराएल पांडेपाशी यातले काही नाही.

वास्तविक टेलरला एक खरा बंडवाला अगदी जवळून माहीत होता. सुरपूरचा राजा वेंकटप्पा नायक हा लहानपणी त्याच्याच देखरेखीखाली वाढला होता आणि त्याला ‘अप्पा’ म्हणून हाक मारीत असे. १८५८ मध्ये हा तरुण राजा इंग्रजांविरुद्ध उठला आणि पकडला गेला. टेलर त्याला कैदेत भेटावयास गेला. टेलरच्या मृत्यूनंतर १८७७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात या भेटीची हकिकत आहे. रेसिडेंटला भेटून आपल्याला चिथावणी देणाऱ्यांची नावे सांगावीत, असे सुचवले असता राजाने साफ नकार दिला. प्राणांची भीक मागणार नाही, कोणाचे नाव घेणार नाही. आणि मारायचेच तर चोरासारखे फासावर न लटकवता तोफेच्या तोंडी द्यावे, असे त्याने अप्पाला सांगितले. पुढे फाशी रद्द होऊन कैदेच्या जागी नेले जात असताना पिस्तुलाची गोळी लागून तो मरण पावला. टेलरने हे सारे प्रामाणिकपणे आणि भरल्या अंतःकरणाने नोंदवले आहे, एवढे श्रेय त्याला दिलेच पाहिजे. परंतु माफीचा साक्षीदार होण्याचे नाकारणाऱ्या या माणसाला त्याच्या कादंबरीत जागा मिळाली नाही. या भेटीनंतर चौदा वर्षांनी ‘सीता’ प्रसिद्ध झाली, तेव्हा तीत बंडवाला म्हणून अझराएल पांडेच उभा राहिला.