तळहातावरचा खेळ आणि भिंतीवरचा पट

कोणत्याहि कलाकृतीचें मूल्यमापन करतांना ती आकारानें किती मोठी आहे हा प्रश्न रसिक सहसा विचारीत नाहीं. परंतु ती किती अंतरावरून पाहावयाची आहे, हा प्रश्न मात्र त्यास विचारावाच लागतो. अजिंठ्याच्या भिंतीवरील चित्र आणि पोथीच्या पानांतील लघुचित्र हीं दोन्ही चित्रेंच. पण पोथींतील चित्र भिंतीएवढें वाढविलें म्हणून तें भित्तिचित्र होत नाहीं. जात्यावरची ओवी दळणारीच्या हाताच्या गतीनें आणि समोर बसलेल्या एकाच जोडीदारणीच्या कानासाठीं म्हटलेली असते. तीच सभागृहांत ध्वनिवर्धकापुढें म्हटली, तर शब्द तेच राहतात. परंतु ओवी तीच राहते काय, याविषयीं शंका येते. अंतर बदललें कीं कृतीचा आणि रसिकाचा संबंधच बदलतो. हा जुना विचार आज पुन्हां मनांत येण्याचें कारण मात्र पोथीहि नव्हे आणि ओवीहि नव्हे. मोबाईलवरचा खेळ टीव्हीच्या मोठ्या पडद्यावर आणून खेळण्याची जी प्रथा आतां पुष्कळ घरांतून दिसूं लागली आहे, तिनें हा विचार आम्हांस भाग पाडला आहे.

वाङ्मयाच्या मासिकांत या पोरखेळाची चर्चा कशाला, असें कोणी विचारील. त्यास आमचें उत्तर एवढेंच कीं, ज्या गोष्टीवर घरांतील मुलांचे, आणि खरें बोलावयाचें तर मोठ्यांचेहि, इतके तास खर्च होतात, तिच्याविषयीं रुचीचा विचार जाणत्यांनीं केला नाहीं, तर रुचि घडविण्याचें काम सर्वस्वीं विकणाऱ्यांच्या हातीं जाईल. खेळ ही रचना आहे. तिला आरंभ आहे, विकास आहे, लय आहे. मग तिला टीकाकारहि असावयास हवा.

या खेळांचा इतिहास पाहिला तर एक गंमत आढळते. टीव्हीवरून हातांत आणि हातांतून पुन्हां टीव्हीवर असा हा प्रवास आहे. राल्फ बेअर यांच्या कल्पनेंतून निघालेलें मॅग्नाव्हॉक्स कंपनीचें ‘ओडिसी’ हें घरगुती खेळयंत्र 1972 सालीं अमेरिकेंत विक्रीस आलें. त्याला पडद्यावर कांहीं प्रकाशाचे ठिपके नि एक रेघ यापलीकडे फारसें दाखवितां येत नसे. म्हणून मैदानाची वा जाळ्याची चित्रें छापलेले रंगीत पारदर्शक कागद टीव्हीच्या कांचेवर चिकटवावे लागत. त्याच वर्षीं 2 ऑक्टोबरला मुंबईचें दूरदर्शन केंद्र सुरू झालें, हा निव्वळ योगायोग. पुढें 1997 सालीं नोकियाच्या 6110 या फोनवर ‘स्नेक’ नांवाचा साप सरपटूं लागला आणि खेळ फोनवाल्याच्या मुठींत आला. परंतु मुठींतला खेळ भिंतीवर नेण्याची हौस त्याहूनहि जुनी आहे. जपानच्या निन्टेंडो कंपनीनें 1994 सालीं ‘सुपर गेम बॉय’ नांवाची जोडणी काढली. तिच्यामुळें हातांत धरून खेळावयाचे खेळ टीव्हीवर दिसूं लागले. तें छोटें चित्र पडदाभर पसरेना. तेव्हां रचनाकारांनीं त्याच्या भोंवतीं नक्षीदार चौकट काढली. या चौकटींत एक प्रांजळपणा होता. ‘हें चित्र येथलें नव्हे, पाहुणें म्हणून आलें आहे’, असें ती सांगत असे. याउलट 2012 सालीं लोकवर्गणींतून 85 लाखांहून अधिक डॉलर उभारून जें ‘ऊया’ नांवाचें यंत्र काढलें गेलें, त्याची भिस्त फोनवरच्या पद्धतीचे खेळ टीव्हीवर आणण्यावर होती. 2013 सालीं तें बाजारांत आलें, 2015 सालीं दुसऱ्या कंपनीकडे गेलें, आणि 2019 सालीं त्याची सेवाहि बंद झाली. नुसता पडदा मोठा केल्यानें खेळ मोठा होत नाहीं, हा धडा त्यांतून घ्यावयास हरकत नाहीं.

आतां तर वेगळें यंत्रहि लागत नाहीं. गूगलनें 2013 सालीं काढलेलें ‘क्रोमकास्ट’ हें बोटभर उपकरण टीव्हीला खोंचलें कीं फोनवरील चित्र टीव्हीवर येई. तें उपकरण 2024 सालीं बंद झालें, कारण तीच सोय आतां पुष्कळ टीव्हींत मुळांतच असते. पण ही सोय चालते कशी, हें समजल्यावांचून तिच्यावर टीका करणें व्यर्थ आहे. फोन आपल्या पडद्यावरील प्रत्येक चित्र आकुंचित करतो, वाय-फायच्या लहरींवरून पाठवितो. टीव्ही तें उलगडतो, आपल्या परीनें सजवितो, आणि मग दाखवितो. या प्रत्येक पायरीला थोडा थोडा वेळ लागतो. सेकंदाला साठ चित्रें दाखविणाऱ्या खेळांत एक दशांश सेकंदाचा विलंब झाला, तरी भिंतीवरचें चित्र तळहातावरच्या चित्राच्या सहा पावलें मागें राहतें. चित्रपट पाहतांना हें कोणाच्या लक्षांतहि येत नाहीं, कारण चित्रपटाला आपण उत्तर देत नसतों. खेळ म्हणजे तर उत्तरप्रत्युत्तरच! तबल्याची थाप गायकाच्या मागून पडूं लागली तर मैफलीचें जें होईल, तेंच येथें होतें.

याचा प्रत्यय ‘सबवे सर्फर्स’ या 2012 सालच्या डॅनिश खेळांत तात्काळ येतो. रेल्वेच्या रुळांवरून एक पोर धांवतो आहे, मागें पहारेकरी आणि त्याचा कुत्रा, समोरून आगगाडी. बोट डावीकडे, उजवीकडे, वर, खालीं एवढाच सारा व्यवहार. आणि त्या बोटाचा क्षण चुकला कीं सर्व संपलें. हा खेळ टीव्हीकडे पाहून खेळूं गेलें तर डोळ्याला गाडी दिसते तोंवर ती येऊन आदळलेली असते. तिसऱ्या-चौथ्या पराभवानंतर खेळणारा निमूटपणें मान खालीं घालतो आणि पुन्हां तळहाताकडे पाहूं लागतो.

आणि येथेंच या सर्व प्रकरणाचें मर्म आहे. केवळ विलंबामुळेंच मान खालीं जाते असें नाहीं. फोनच्या कांचेवर बोटाला चांचपून कळेल असा उंचवटा नाहीं, कळ नाहीं. बोट कोठें टेकलें आहे हें डोळ्यांनींच पाहावें लागतें. टीव्हीकडे पाहिलें कीं बोट भरकटतें, बोटाकडे पाहिलें कीं टीव्ही सुटतो. म्हणून खेळणारा तळहाताकडे पाहतो आणि बाकीचें घर भिंतीकडे पाहतें. टीव्हीवर गेलेला खेळ हा खेळणाऱ्यासाठीं मोठा झालेला नसतोच. तो प्रेक्षकांसाठीं उघडा झालेला असतो. एकदां हें ध्यानांत आलें म्हणजे चित्र किती स्वच्छ दिसतें, रंग किती खुलतात, या चर्चेला फारसा अर्थ उरत नाहीं. विचारावयाचा प्रश्न हा कीं, कोणता खेळ पाहणाऱ्याला कांहीं देतो?

या कसोटीवर ‘मॉन्युमेंट व्हॅली’ हा लंडनच्या ‘असटू’ या मंडळीनीं 2014 सालीं रचलेला खेळ घेऊन पाहूं. इडा नांवाची एक मुकी राजकन्या मनोऱ्यांच्या, कमानींच्या आणि जिन्यांच्या प्रदेशांतून एकटी चालली आहे. मॉरिट्स एशर या डच चित्रकारानें जशीं अशक्य वास्तुचित्रें काढलीं, त्याच वळणाची ही वास्तु आहे. वरचा जिना खालच्याला मिळतो, दुरून तुटलेला पूल एका बाजूनें पाहिला कीं सांधलेला दिसतो, आणि दिसतो म्हणूनच तो सांधतो. हा खेळ मुद्दाम उभ्या फोनसाठीं आंखलेला. तो टीव्हीवर आणला तर रुंद पडद्याच्या मधोमध एक उभी पट्टी तेवढी उरते. नऊ-सोळा प्रमाणाचा हिशेब मांडला तर ती पडद्याच्या एक-तृतीयांशाहूनहि कमी भरते. दोहों बाजूंना काळोख. पुढें 2022 सालीं याच मंडळीनीं संगणकांसाठीं त्याची रुंद आवृत्ति काढली, यावरून ही विसंगति त्यांनाहि जाणवली होती असें दिसतें.

असें असूनहि हा खेळ भिंतीवर टिकतो, हें आम्हीं स्वतः पाहिलें आहे. आमच्या मातोश्रींचें वय ऐशीच्या पुढें. मोतीबिंदूची शस्त्रक्रिया होऊनहि बारीक अक्षर त्यांना लागत नाहीं. दिवाळीच्या सुटींत आमचा बारा वर्षांचा पुतण्या घरीं आला म्हणजे त्यांची एकच तक्रार असे, “हा त्या डबींत तोंड घालून काय बघत असतो कोण जाणे!” गेल्या दिवाळींत एका संध्याकाळीं त्यानें तो खेळ टीव्हीवर लावला. मातोश्री माळ बाजूला ठेवून खुर्ची पुढें ओढून बसल्या. कांहीं वेळानें त्यांनीं विचारलें, “ही पोर एकटीच कुठें रे निघाली आहे?”

“क्षमा मागायला, आजी. रस्ता आपण करून द्यायचा.”

“मग तो जिना फिरव ना, बाळ. तिचा पाय अडला आहे तिथें.”

त्यानें जिना फिरविला, आणि वाट खरोखरच जुळली. ती कशी जुळली हें त्या दोघांपैकीं कोणासहि नीट सांगतां आलें नसतें. या खेळाला घाई नाहीं. म्हणून विलंबानें त्याचें कांहीं बिघडत नाहीं, आणि शेजारीं बसलेल्याला विचार करावयास, बोलावयास, चुकावयासहि अवकाश मिळतो. मात्र एक उणीव राहतेच. फोनवर आपलें बोट जिन्याच्या मुठीवर असतें, तिचा भार जणूं बोटाला कळतो. टीव्हीवर तें बोट दिसत नाहीं; जिना आपोआप फिरल्यासारखा भासतो. बुद्धिबळांत प्यादें उचलणारा हात पाहणाऱ्यालाहि दिसतो, त्याचा संकोच, त्याचा निश्चय, सारें दिसतें. येथें कृति दिसते, कर्ता दिसत नाहीं.

ही उणीव सर्वांत अधिक जाणवते ती ‘लुडो किंग’मध्यें. मुंबईच्या परिसरांतील एका कंपनीनें 2016 सालीं काढलेला हा खेळ 2020 च्या टाळेबंदींत घरोघरीं पोंचला. लुडो हें आपल्या पचिशीचेंच विलायतेंत जाऊन आलेलें रूप; त्यामुळें पट, सोंगट्या, घर, मार ही भाषा आमच्या कुटुंबांना शिकवावी लागली नाहीं. पटावर कांहींच गुप्त नसतें. कोणाची सोंगटी कोठें आहे तें सर्वांस दिसतें, दिसावें असाच तो खेळ आहे. म्हणून एक फोन हातोहात फिरावा आणि पट भिंतीवर असावा, ही मांडणी त्याला फोनपेक्षांहि अधिक शोभते. पण दान? कवड्या मुठींत खुळखुळवून टाकणाऱ्याचा हात, त्या उताण्या-पालथ्या पडेपर्यंत रोखलेला श्वास, आणि ‘पुन्हां टाक, कवडी सतरंजीला अडली’ हें भांडण, यांतलें कांहींच तेथें नाहीं. फांसा यंत्र टाकतें. हरणाऱ्याला दैवाशीं भांडतां येत नाहीं. तो यंत्रावर पक्षपाताचा आरोप करतो, आणि त्या आरोपाचा निकाल लावावयास पुरावा कोणाच्याच डोळ्यांपुढें घडलेला नसतो.

पत्त्यांच्या खेळांची कथा याहून वेगळी. तेथें हातचीं पानें झांकलेलीं असावयाचीं. फोनचा पडदा जसाच्या तसा टीव्हीवर गेला कीं सारा डावच उघडा पडतो. आणि उघडें पडतें तें पानांपुरतेंच नव्हे. त्याच संध्याकाळीं इडा एका कमानीखालीं उभी असतांना पडद्याच्या माथ्यावर एक ओळ उमटली. पुतण्याच्या कोणा मित्राचा निरोप होता. निरुपद्रवी, पण खासगी. मुलाचे कान लाल झाले. आम्हीं दुसरीकडे पाहिल्याचें सोंग केलें. पुढें एका फुकट मिळणाऱ्या खेळांत दोन डावांच्या मध्यें जी जाहिरात आली, ती पाहून मात्र आम्हां मोठ्यांचे कान लाल व्हावयाची पाळी आली. ती जाहिरात त्या मुलानें तोंवर कितीदां तरी एकट्यानें पाहिली होती. ‘मुलगा खेळतो आहे’ एवढेंच आम्ही समजत होतों. खेळाच्या जोडीनें त्याला काय दाखविलें जात होतें, तें भिंतीवर आल्यावांचून आम्हांस दिसलें नाहीं. तेव्हां हा मोठा पडदा मुलाच्या खासगीपणावर आक्रमण करतो, तसाच तो पालकांच्या अज्ञानावरहि प्रकाश टाकतो. या दोहोंचा तोल घरानें सांभाळावयाचा आहे. निरोप दिसूं न देण्याची सोय फोनमध्यें असते. ती आधीं लावणें हें सौजन्य आहे. आणि मूल बोलावील तेव्हांच तेथें जाऊन बसणें, हेंहि सौजन्यच आहे. पहारा म्हणून लावलेला टीव्ही आणि संगत म्हणून लावलेला टीव्ही यांतला भेद मुलांना फार लवकर कळतो.

रचनाकारांपुढें मार्ग नाहीं असें नाहीं. निन्टेंडोचें 2017 चें ‘स्विच’ हें यंत्र हातांतहि चालतें आणि टीव्हीलाहि जोडतां येतें. पण त्याच्या कळा बोटांना न पाहतां सांपडतात, म्हणून डोळे मोकळे राहतात. ‘जॅकबॉक्स’ या अमेरिकन मंडळीच्या 2014 पासूनच्या खेळसंग्रहांत तर कामाची वांटणीच केलेली आहे. सर्वांचा पट टीव्हीवर, आणि ज्याचें गुपित त्याच्या फोनवर. आमच्या मतें योग्य दिशा हीच. फोननें हात व्हावें, टीव्हीनें पट व्हावें, आणि दोघांनीं एकमेकांची नक्कल करूं नये. ते खेळ इंग्रजी शब्दांवर उभारलेले आहेत, हा दोष त्यांचा नव्हे. भेंड्या, कोडीं, उखाणे यांनीं ज्यांच्या संध्याकाळी भरलेल्या असत, त्यांच्या भाषेंत अशी रचना कोणास सुचूं नये, याचें मात्र वाईट वाटतें.

त्या रात्रीं खेळ संपावयाच्या आधींच मातोश्री निजावयास गेल्या. सकाळीं चहाच्या वेळीं त्यांनीं पुतण्याला पहिला प्रश्न विचारला तो हा, “मिळाली का रे तिला क्षमा?” डबींत तोंड घालून बसणाऱ्या मुलाला असा प्रश्न त्यापूर्वीं घरांत कोणीं विचारला नव्हता. तो कप खालीं ठेवून, हातवारे करीत, शेवटचा मनोरा त्यांना समजावून सांगूं लागला. टीव्ही त्या वेळीं बंदच होता.